मऊ गाठ

"काही नाही, दिनकरराव, चरबी आहे," असं म्हणून डॉक्टर मेहेंदळे हात धुवायला उठले, आणि दिनकरराव उघड्या पाठीने स्टुलावर तसेच बसून राहिले. पाठीवरून डॉक्टरांची बोटं निघून गेली होती, पण जिथे ती फिरली तिथे थोडा थंडावा उरला होता. कार्तिकातली सकाळ. दौलतगंजातल्या त्या दवाखान्याची खिडकी उघडी होती आणि खाली रस्त्यावर एक कल्हईवाला लांबलचक हाका मारत होता. गेलं वर्षभर दिनकररावांनी या खोलीची मनातल्या मनात उजळणी केली होती. डॉक्टर गंभीर होतील, चष्मा काढतील, "बरोबर घरचं कोणी आलं आहे का?" असं विचारतील, आणि आपण म्हणू, नाही, मी एकटाच आहे, मुलीचं लग्न होऊन गेलं आहे, जे असेल ते मलाच सांगा. हे म्हणताना आवाज कसा ठेवायचा तेसुद्धा ठरलं होतं. आता एवढं घोकलेलं उत्तर तोंडात तसंच राहिलं आणि विचारायला कोणी आलं नाही.

डॉक्टर पंचाला हात पुसत परत आले. दिनकरराव हललेले नाहीत हे पाहून त्यांना वाटलं असावं, याचा विश्वास बसलेला नाही. त्यांनी दिनकररावांचा उजवा हात धरून खांद्यावरून मागे नेला आणि दोन बोटं त्या गाठीवर ठेवली. "दाबा. मऊ आहे की नाही? आता बाजूला ढकला. सरकते. वर कातडीला चिकटलेली नाही, खाली मांसाला धरून नाही आहे. दुखत नाही, वर्षभरात म्हणण्यासारखी वाढली नाही. कातडीखाली चरबीचा एक गोळा जमला आहे, त्याच्याभोवती पातळसं आवरण, बस्स. अशा कितीतरी जणांना असतात. कुणाला तेलाची पिशवी होते, तिच्या माथ्यावर बारीक काळा ठिपका असतो. कुणाच्या मनगटावर पाण्याची गाठ येते. सगळ्याच काही यमाच्या घरून आलेल्या नसतात. कडक झाली, भरभर वाढायला लागली, दुखली, तर या. नाही तर बसू द्या तिला तिच्या जागी. छाती चांगली आहे, नाडी चांगली आहे. अजून वीस-पंचवीस वर्षं तुम्हाला कोणी हलवत नाही."

"डॉक्टर," दिनकररावांनी सदऱ्याच्या बाह्यांत हात घालता घालता विचारलं, "ही मी गेल्या साली दाखवली असती तर? तेव्हाही कळलं असतं?"

"न कळायला काय झालं? आत्ता जेवढा वेळ लागला तेवढाच लागला असता," डॉक्टर हसून म्हणाले. "तेवढा घोर तरी वाचला असता तुमचा."

ते जिना उतरून खाली आले. असा माणूस रस्त्यावर उतरतो तेव्हा त्याला आनंद व्हायला हवा. साप साप म्हणून भुई धोपटली आणि दोरीही निघाली नाही, एवढ्यावर माणूस हसतो, देवाला नारळ फोडतो, चार जणांना सांगतो. दिनकररावांना तसं काही होईना. ते एका कापडाच्या दुकानाच्या फळीला टेकून उभे राहिले. दुकानदाराने "बैठिये रावसाहब" म्हटलं, तर त्यांनी हातानेच नको म्हटलं. समोरून टांगे, सायकली, दुधाची हंडी घेतलेली गवळण, सगळं जात होतं आणि वरती किल्ला रोजच्यासारखा उन्हात पसरला होता. आपण आता यातलं सगळं पुन्हा पाहणार, वीस वर्षं पाहणार, असं त्यांनी मनाशी म्हणून पाहिलं. मन म्हणालं, लेकीची, पद्माची, सासरी जायची गाडी दुपारची आहे.

ही गाठ त्यांनी स्वतः कधी पाहिलीच नव्हती. डाव्या खांद्याच्या फऱ्याजवळ, अशा ठिकाणी की आरशातही नीट दिसू नये. ती त्यांना कळली ती मुलीच्या हातातून. गेल्या दिवाळीत, नरकचतुर्दशीला, बाहेर अजून चांदण्या असताना, पाटावर बसून ते तेल लावून घेत होते. बायको गेल्यापासून पाठीला तेल-उटणं लावायचं काम पद्माकडे आलं होतं, आणि पंधरा वर्षांची ती पोर ते अगदी मोठ्या बाईच्या थाटात करायची: मान सरळ ठेवा नाना, हलू नका नाना, किती तेल पितं हे अंग. बोलता बोलता तिचा तळवा एका जागी अडला. क्षणभरच. मग शेतात दगड लागला की नांगर बाजूने काढतात तसा तो बाजूने गेला आणि बडबड थांबली. पुढची आंघोळ मुकाट्याने झाली. कारीट फोडलं, ओवाळून झालं, फराळाला बसले. दिनकररावांना वाटलं, पोरीला झोप येते आहे. दुपारी खोलीचं दार लावून त्यांनी हात मागे वळवला, बोटं पोचेनात, भिंतीला कोपर टेकून पोचवली, आणि ती लागली. बोराएवढी असेल, किंवा थोडी मोठी. दुखत नव्हती. दुखत नव्हती म्हणूनच ते घाबरले, कारण बायकोची, राजलक्ष्मीचीही दुखत नव्हती.

राजलक्ष्मीची गाठ छातीत होती आणि ती तिने दोन वर्षं लपवली होती. डॉक्टर पुरुष, वैद्य पुरुष, नवरा पुरुष, कुणाला सांगायचं? शेवटी कातडी ओढली गेली, रंग बदलला, ताप यायला लागला, तेव्हा घरात कळलं आणि कळून काही उपयोग नव्हता. शेवटच्या महिन्यात एकदा कूस बदलून देताना दिनकररावांचा हात तिथे लागला होता. सुपारीसारखी टणक, आणि जागची न हलणारी. तो स्पर्श त्यांच्या बोटांत सहा वर्षं राहिला होता. नंतर स्वतःच्या पाठीवर बोट ठेवलं तेव्हा ही मऊ लागली, इकडून तिकडे सरकली, हेही त्यांना कळलं होतं. हे दोन स्पर्श एकाच हाताचे होते आणि त्या हाताला एकदाही वाटलं नाही की या दोन निराळ्या गोष्टी आहेत. सरकारच्या फरासखान्यात, तंबू-कनाती-गालिच्यांच्या कोठारात, त्यांची उभी हयात गेलेली. अंधारातही गालिच्याच्या काठावरून हात फिरवून तो मिर्झापूरचा की आग्र्याचा ते सांगायचे. पण त्यांच्या घरात गाठ या शब्दाला एकच अर्थ होता, आणि तो अर्थ एकदा डोक्यात बसला की बोटांचं कोण ऐकतो?

ते बाड्याच्या चौकाच्या दिशेने चालायला लागले. कचेरीची वेळ झाली होती, पण आज त्यांनी अर्ध्या दिवसाची रजा घेतली होती. तेव्हाच, गेल्या साली, पाडवा झाल्यावर सरळ हा जिना चढले असते तर? तसं मनात आलं नव्हतं असं नाही. पण लष्कर शहरात कुणी शिंकलं की पार शिंदे की छावणी मोहल्ल्यात "जीव रे" म्हणतात. डॉक्टरांचा कंपाउंडर गणपतीच्या देवळाजवळ राहणारा, त्याची बायको हळदीकुंकवाला चार घरं हिंडणारी. फरासखान्याच्या दिनकररावांच्या पाठीत गाठ आहे ही बातमी आठवडाभरात सगळ्या दक्षिणी, म्हणजे मराठी घरांतून फिरली असती. आणि मग हिशोब सोपा होता. आईला गाठ, बापाला गाठ, मुलीला कधी? असलं बी कोण घरात आणतं? बाप मेलेली मुलगी एक वेळ खपते, पण गाठीच्या घराण्यातली मुलगी पाहायलाही कोणी येत नाही. म्हणून त्यांनी ठरवलं, आधी पद्माचं लग्न, मग दवाखाना. झाशीला जाऊन दाखवून यावं म्हणून एकदा स्टेशनपर्यंत गेलेही होते. फलाटावर ओळखीचे तिघे भेटले, तिघांनी कुठे निघालात विचारलं, आणि ते कुणाला तरी पोचवायला आलो होतो असं सांगून परतले. लग्न झाल्यावरसुद्धा लगेच जिना चढवेना. जे ठाऊकच आहे ते दुसऱ्याच्या तोंडून ऐकायची घाई कुणाला असते? तेव्हा त्यांना आपण फार शहाणपणाने वागतो आहोत असं वाटलं होतं. एखादं मोठं शिबिर हलवताना आधी कोणता तंबू उतरवायचा हे ज्याला कळतं तो फरासखान्याचा खरा दरोगा, असं ते हाताखालच्या लोकांना सांगायचे. तसाच त्यांनी आपला मुक्काम हलवायला घेतला होता.

आणि लग्न वर्षाच्या आत व्हायला हवं होतं, कारण आपण वर्ष काढू असं त्यांना वाटत नव्हतं. आपण गेलो की सुतक, मग काकाचं घर. काका धारला, त्याच्या स्वतःच्या चार मुली. पद्मा तिथे पाणी भरत आणि पोरं सांभाळत म्हातारी होईल. हे चित्र त्यांना रोज पहाटे दिसायचं. म्हणून ते आधी लीलाताईंकडे गेले. लीलाताई त्यांच्याच आळीत दोन घरं सोडून राहायच्या, राजलक्ष्मीची मैत्रीण, आणि त्यांचा लक्ष्मीकांत बनारसला शिकत होता. दोन्ही घरांत कुणी बोललं नव्हतं, पण लक्ष्मीकांत सुटीत आला की पद्मासाठी पुस्तकं आणायचा आणि लीलाताई ते पाहून न पाहिल्यासारखं करायच्या. "दिनकरभावजी, मला पद्मा नको आहे असं होईल का?" लीलाताई म्हणाल्या होत्या. "माझ्या डोळ्यांसमोरची पोर. पण लक्ष्मीकांत बोलला आहे की परीक्षा झाल्याशिवाय लग्नाचं नाव काढू नका. दोन वर्षं थांबून जा. तीही मॅट्रिक होऊन जाईल. दोन वर्षं काय, अशी निघून जातात."

"दोन वर्षं फार होतात, लीलाताई."

"कुणाला फार होतात?" त्यांनी सरळ विचारलं होतं.  दिनकररावांनी उपरणं सावरलं, मुलीची जात, वय वाढतं आहे, असं काहीतरी पुटपुटले आणि चहा अर्धा टाकून उठले. लीलाताई त्यानंतर बरेच दिवस बोलल्या नाहीत. त्यांना वाटलं असणार, याला आपल्यापेक्षा मोठं स्थळ सापडलं आहे.

मोठं स्थळ भेलसा गावचं निघालं. माधवराव वकील, चाळिशीला टेकलेले, पहिली बायको बाळंतपणात गेलेली, दोन मुलं. थोरली पद्माहून चारच वर्षांनी लहान. पत्रिका जमली, त्यांनी काही मागितलं नाही, आणि माघातला मुहूर्त धरायला ते तयार झाले. माणूस वाईट नव्हता. वाईट असता तर निदान रागवायला जागा झाली असती. तपकीर ओढायचे, मोजकं बोलायचे, जेवताना ताटाभोवती पाणी फिरवून शांतपणे जेवायचे. दिनकररावांनी पद्माला सांगितलं तेव्हा ती चिमणीची काच पुसत होती. पुढच्या साली परीक्षा, वर्गात तिचा वरचा नंबर, आणि रोज संध्याकाळी नानांना वर्तमानपत्र मोठ्याने वाचून दाखवताना मध्येच थांबून हे असं का, ते तसं का, असं विचारत बसणारी ती मुलगी. ती रडेल, भांडेल, जेवायची नाही, याची त्यांनी मनाची तयारी केली होती. तिने काच उजेडात धरून पाहिली आणि म्हणाली, "तुम्हाला बरं वाटेल ना, नाना?" ते हो म्हणाले. "मग ठीक आहे." एवढंच. केवढी समजूतदार पोर, असं त्या वेळी त्यांना वाटलं होतं, आणि आईवेगळी मुलं लवकर शहाणी होतात असं त्यांनी दोन-तीन जणांना सांगितलंही होतं. लग्नात पाठवणीच्या वेळी ते इतके रडले की पाहुण्यांनी त्यांना धरून बसवलं. बापाचं काळीज, लोक म्हणाले. खरं सांगायचं तर त्यातलं अर्धं रडू त्यांचं स्वतःसाठी होतं. हे शेवटचं मंगलकार्य आपण पाहतो आहोत, असं त्यांना वाटत होतं आणि त्या वाटण्यात एक प्रकारचं सुखही होतं.

ते सुख आठवून त्यांना आता बाड्याच्या भर गर्दीत लाज वाटली.  मरायला निघालेल्या माणसाला केवढा मान असतो, निदान स्वतःच्या मनात. वर्षभर ते फार चांगले वागले होते. तंबाखू सोडली, हाताखालच्यांवर ओरडणं सोडलं, जुन्या भांडणातल्या एका सोयऱ्याला आपण होऊन नमस्कार केला. फरासखान्यात दसऱ्याच्या दरबाराचे शामियाने परत आले की ते उन्हात पसरून, कडुलिंबाचा पाला आणि कापूर घालून घडी करण्याचं काम चालायचं. या खेपेला ते उभे राहून प्रत्येक घडी पाहत होते, आणि पुढच्या दसऱ्याला ही उघडतील तेव्हा आपण नसू, असा विचार त्यांना प्रत्येक घडीपाशी यायचा आणि डोळे भरायचे. रात्री ते डाव्या कुशीवर झोपत नसत. कुणी पाठीवर थाप मारू नये म्हणून भिंतीशी बसत. एखाद्या पाहुण्याची घरात बडदास्त ठेवावी तशी त्यांनी त्या गाठीची ठेवली होती. आणि ती कोण निघाली? चरबी. चांगलं खाऊनपिऊन जमलेली चरबी. जिच्यासाठी पोरीला भेलशाला दिली, ती एक लोण्याच्या गोळ्याएवढी गोष्ट, जिने आयुष्यात कुणाचं वाईट केलं नसतं.

गजकवाल्याच्या दुकानात दोन माणसं समोरासमोर बसून तीळ-गुळाचा गोळा लाकडी हातोड्यांनी कुटत होती. थंडीची पहिली गजक. दिनकरराव थांबले. चांगली बातमी असली की गोड न्यावं, ही सवय पायांना होती. बातमी चांगली आहे की नाही हे पायांना कोण सांगणार? "एक सेर बाँध दो," ते म्हणाले. दुकानदार पुडा बांधता बांधता म्हणाला, "बिटिया आज जा रही है ना, रावसाहब? अबकी बार बहुत दुबली दिखी. ससुराल में मन नहीं लगा अभी?" लग जाएगा, असं दिनकरराव म्हणाले, पुडा घेतला आणि छावणीच्या रस्त्याला लागले. पद्मा बारीक झाली आहे हे त्यांनी पाहिलं नव्हतं असं नव्हे. दिवाळसणासाठी जावई आणि ती आल्यापासून ते तिच्याकडे चोरून पाहतच होते. ती बसायची ती दाराशी बसायची, कुणी हाक मारलीच तर उठायला बरं अशी. माधवराव आतून नुसते खाकरले तरी पाण्याचा तांब्या घेऊन उभी. वर्तमानपत्र येऊन पडायचं ते संध्याकाळपर्यंत घडी न मोडता पडून राहायचं. दिनकररावांनी एकदा म्हणून पाहिलं, "वाचतेस का जरा?" तर ती म्हणाली, "सवय मोडली, नाना."

आणि या दिवाळीला पुन्हा तो पाट, ते तेल. आधी जावयाला, मग नानांना. तिचा हात पुन्हा त्या जागी आला, पण या वेळी तो बाजूने गेला नाही. तिथेच थांबला. बंबातलं पाणी खळखळत होतं आणि जावई आत धोतर नेसत होते. तिने कानाजवळ वाकून हळूच म्हटलं, "नाना, आता तरी दाखवा."

छावणीच्या रस्त्यावर एका बैलगाडीला वाट देण्यासाठी बाजूला होता होता ते शब्द दिनकररावांना पुन्हा ऐकू आले आणि ते थबकले. चार दिवस ते तेवढ्यावरच होते की दाखवायला हवं, पोर काळजी करते आहे. आता तरी. म्हणजे आतापर्यंत का दाखवत नव्हता ते मला ठाऊक आहे. आधी लग्न, मग दवाखाना, हा जो त्यांचा मोठा गुप्त बेत होता, जो त्यांनी लीलाताईंपासून, भावापासून, सगळ्या लष्करापासून लपवला होता, तो त्या पंधरा वर्षांच्या मुलीने पहिल्याच दिवशी पाठीवर हात अडला तेव्हा ओळखला होता. चिमणीची काच पुसत ती समजूतदार झाली नव्हती. ती बापाला निवांत मरू देत होती. तुम्हाला बरं वाटेल ना, हे तिने अगदी शब्दशः विचारलं होतं आणि आपण अगदी सहज हो म्हणालो होतो. दिनकररावांना मोठ्याने काहीतरी बोलावंसं वाटलं. शेजारून जाणारा भिश्ती त्यांच्याकडे पाहत गेला.

तिला सांगायचं का? घर दिसायला लागेपर्यंत ते या एका प्रश्नाला धरून चालत होते. सांगितलं तर तिला कळेल की तिने जे केलं ते एका चरबीच्या गोळ्यासाठी केलं. तिच्याजवळ दुसरं काही नसेल, पण निदान तेवढं समाधान आहे, तेही जाईल. नाही सांगितलं तर भेलशाच्या त्या घरात ती दर वेळी तारवाला दिसला की भिंत धरून उभी राहील. खोटं बोलावं, औषध दिलं आहे, बरी होईल म्हणाले, असं काहीतरी मधलं सांगावं. मधलं सांगायची त्यांना चांगली सवय होती. पण ओट्याच्या पायऱ्या चढले तेव्हा ती दारातच उभी होती आणि तिच्या तोंडाकडे पाहून मधलं काही सुचलं नाही.

"काय बोलले डॉक्टर?"

"काही नाही. चरबी आहे म्हणाले. कितीतरी जणांना असते. काही करायचंसुद्धा नाही."

ती त्यांचा हात धरून माजघरात घेऊन आली. तिथे ट्रंक उघडी होती, अर्धी भरलेली. बाहेरच्या खोलीत माधवराव तपकिरीची डबी शेजारी ठेवून पेपर वाचत होते. "शपथ?" ती म्हणाली. "तुझी शपथ." मग तिने त्यांना पाठमोरं केलं, सदऱ्यावरूनच बोटं ठेवली आणि हळूच ढकलून पाहिलं. "हलते," ती म्हणाली. "आईची हलत नव्हती."

"तुला काय ठाऊक?"

"तेल मीच लावून द्यायची ना तिला. कुणाला बोलायचं नाही म्हणून शपथ घातली होती तिने." ती सहज बोलून गेली. "तुमची हलते हे मला कळलं होतं. मला वाटलं, सुरुवातीला अशीच असेल."

दिनकरराव तिच्याकडे वळले. आठ-नऊ वर्षांची पोर, आणि तिच्याजवळ एवढं. आपण त्या घरातच होतो. पण पद्माचं लक्ष त्यांच्याकडे नव्हतं. ती हसत होती. चार दिवसांत पहिल्यांदा, किंवा माघानंतर पहिल्यांदाच, तिचं ते जुनं हसू, ज्यात नाक आक्रसायचं. तिने गजकचा पुडा फोडला, एक तुकडा त्यांच्या तोंडात घातला, एक स्वतः खाल्ला, पदराने डोळे पुसले, पुन्हा हसली. "खूप बरं झालं, नाना. खूपच बरं झालं. मी तर रोज—" असं म्हणून ती थांबली आणि ट्रंकेत घालायला घेतलेलं लुगडं मांडीवर धरून बसून राहिली. त्यांना वाटलं, आता हिला कळतं आहे. आता ही माझ्याकडे पाहील. तिने पाहिलं, पण ते ज्याला भीत होते तसं नाही. तिच्या नजरेत काहीतरी उजळल्यासारखं होतं आणि ती आवाज अगदी बारीक करून म्हणाली, "नाना, मग मी नाही गेले तर?"

"कुठे?"

"तिथे. इथेच राहीन मी. तुमचं जेवण बनवून देईन, परीक्षा देऊन टाकीन. त्रास काही नाही आहे तिथे, ते काही बोलत नाहीत मला. पण मला तिथे नाही राहायचं, नाना. तेव्हा मला वाटलं, तुम्ही नसाल, मग मी कुठे राहणार? म्हणून बोलले नाही. पण आता तर तुम्ही आहात ना."

तिने आयुष्यात त्यांच्याकडे काही मागितल्याचं त्यांना आठवत नव्हतं. मरणाऱ्या माणसाकडे मागायला तिला लाज वाटली होती. आता तो जगणार होता, तर ती मागत होती, इतकं साधं होतं ते. दिनकररावांनी तोंड उघडलं. हो म्हणायला काय हवं असतं? बाहेरच्या खोलीत जाऊन त्या पेपर वाचणाऱ्या माणसाला सांगायचं की मुलगी पाठवत नाही. कारण? कारण माझ्या पाठीत चरबी निघाली. धारचा भाऊ, लीलाताई, फरासखाना, कंपाउंडरची बायको, भेलशाची ती दोन पोरं, परत आलेली मुलगी म्हणून छावणीतल्या प्रत्येक हळदीकुंकवात तिच्याकडे वळणाऱ्या माना, सगळं एकदम त्यांच्यासमोर आलं. मरणाऱ्याला कोणी काही विचारत नाही; जगणाऱ्याला उत्तर द्यावं लागतं. वर्षभर ते मरणाला तयार होते. या एका प्रश्नाला तयार नव्हते, आणि आपल्यात तेवढं धैर्य कधीच नव्हतं हे त्यांना लख्ख दिसलं. नेमका त्याच वेळी बाहेरून माधवरावांचा आवाज आला, "टांगा आला बरं का."

दिनकररावांनी लेकीच्या डोक्यावर हात ठेवला.  "टांगा आला, बाळ," ते म्हणाले.

 तिने लुगड्याची घडी मोडली होती ती पुन्हा घातली, ट्रंकेत ठेवली, झाकण दाबून कडी लावली. गजकचा पुडा तिने ट्रंकेत घातला नाही, फडताळात ठेवला. मुंग्या येतील, झाकून ठेवा, म्हणाली. देवाला कुंकू वाहिलं. माधवराव म्हणाले, तुम्ही स्टेशनवर कशाला येता, सकाळपासून दगदग झाली आहे तुमची. ते खरंच चांगले होते. ओट्यावर तिने वाकून नमस्कार केला आणि तीच त्यांना म्हणाली, "आता तब्येत सांभाळा, नाना. खूप जगायचं आहे तुम्हाला." त्यात टोमणा नव्हता. त्यांनी तो शोधला, असता तर फार बरं झालं असतं, पण ती ते मनापासून म्हणत होती.

टांगेवाल्याने ट्रंक चढवली. माधवराव पुढे टांगेवाल्याजवळ बसले, पद्मा मागे बसली. टांग्यात मागच्याचं तोंड मागे असतं, त्यामुळे घोडं निघालं तरी ती घराकडेच पाहत होती, आणि रस्ता वळेपर्यंत दिनकररावांना तिच्यासमोर उभं राहावं लागलं.